दुखवट्याला बसवलेला भिल्ल

लंडनला वेस्टमिन्स्टर ॲबे नावाचं एक जुनं चर्च आहे. इंग्रज तिथं आपले राजे पुरतात, कवी पुरतात, सेनापती पुरतात. तिथंच जेम्स औट्रम पुरलेला आहे. लेफ्टनंट जनरल सर जेम्स औट्रम. ११ मार्च १८६३ ला तो फ्रान्सात पो नावाच्या गावी मेला, आणि त्याला इंग्लंडला आणून राजांच्या शेजारी पुरला. तिथं त्याचं स्मारक आहे. मधे त्याचा अर्धपुतळा, आणि पुतळ्याच्या दोन अंगांना दोन माणसं कोरलेली. एक सिंधकडचा. दुसरा भिल्ल.

भिल्ल! म्हणजे आपला. साल्हेर-मुल्हेरचा, डांगच्या कडेचा, सातपुड्याचा. इकडं त्याच्या पणतवंडाला सात-बाऱ्यावर नाव लावायला दहा हेलपाटे घालावे लागतात, आणि तिकडं पणज्याला इंग्रजांच्या राजांच्या पंगतीत जागा. पण जागा कसली? धन्याच्या दुखवट्याला बसायची. दीडशे वर्षं झाली, अजून उठू दिलेलं नाय त्याला.

मी सटाण्याचा. मॅट्रिकपर्यंत तिथं शिकलो. आता मुंबईच्या गोदीत कंत्राटावर माल हलवतो आणि पाळी सुटली की कविता लिहितो. मला त्या दगडाशी भांडायचंय. दगडाशी म्हणजे तो घडवणाऱ्या डोक्याशी, आणि त्याच्याकडं बघून 'बघा, किती माया होती साहेबावर' म्हणणाऱ्या तोंडाशी. ही तोंडं फक्त लंडनला आहेत असं समजू नका. सटाण्यात आहेत. पावसाळ्यात मुल्हेरला गड चढायला येणाऱ्या बुटवाल्या पोरांत आहेत. आणि दोस्तांनो, आपल्यातही आहेत. आपल्याच एका मित्रानं मला सुनावलं, 'औट्रमला शिव्या देऊ नको. इंग्रज आला म्हणून भिल्ल माणसात आला, इंग्रज आला म्हणून आपणही माणसात आलो.' हा लेख त्याला उत्तर म्हणून. नाव लिहीत नाय, मित्र आहे.

आधी माणूस कोण ते बघू.

२९ जानेवारी १८०३ ला इंग्लंडात डर्बीशायर परगण्यात जन्म. बाप बेंजामिन औट्रम, इंजिनिअर. कालवे खोदायचा, लोखंडी रूळ टाकायचा. पोरगं दोन वर्षांचं असताना बाप मेला, घर अडचणीत आलं, आईनं ओढूनताणून वाढवलं. इथपर्यंतची गोष्ट आपल्या वस्तीतल्या कुठल्याही घराची आहे. पुढची नाय. आपल्यात बाप मेला की पोरगं शाळा सोडून नाक्यावर उभं राहतं. त्यांच्यातलं पोरगं सोळाव्या वर्षी कंपनी सरकारच्या फौजेत कॅडेट होऊन १८१९ साली मुंबईला उतरतं, आणि उतरल्या पावलापासून साहेब असतं. पेशवाई बुडून एक वर्ष झालेलं. राज्य नवं, मुलूख नवा, बढतीला जागाच जागा. एका फाटक्या घरातल्या गोऱ्या पोराचं पोट भरायला आख्खा देश मोकळा पडला होता.

त्या वेळी आपला बागलाण नाशिक जिल्ह्यात नव्हता. नाशिक जिल्हाच नव्हता, तो १८६९ ला झाला. सटाणा, मुल्हेर, अंतापूर सगळं खानदेशात मोडायचं. १८२५ साली बागलाणातले भिल्ल उठले. सरकारी गॅझेटिअर सांगतं की शेवराम नावाच्या एका सोनारानं साताऱ्याच्या छत्रपतींच्या नावाचे बनावट कागद दाखवले आणि आठशे माणसं गोळा झाली. त्यांनी अंतापूर लुटलं आणि मुल्हेरच्या किल्ल्यावर जाऊन बसले. मालेगावच्या छावणीतून दोनशे शिपाई घेऊन बावीस वर्षांचा लेफ्टनंट औट्रम निघाला. रातोरात कूच. पुढून हल्ल्याची हूल, मागून खरा हल्ला. किल्ला पडला, माणसं डोंगरात पांगली, लुटीचा माल परत आला. औट्रमचं नाव झालं. इंग्रजांच्या पुस्तकांत ज्या माणसाची आरती ओवाळलीय, त्याची पहिली पायरी आपल्या मुल्हेरची आहे.

आता या गोष्टीत नावं मोजा. साहेबाचं नाव आहे. सोनाराचं आहे. गावाचं आहे, गडाचं आहे. गड राखणाऱ्या आठशे भिल्लांतल्या एकाचंही नाव ही गोष्ट सांगत नाय. सोनाराचं नाव लिहिलं कारण त्याला भडकवणारा ठरवायचं होतं. भिल्लाला स्वतःचं डोकं असतं, हिशेब असतो, राग असतो, हे साहेबाला मान्यच नव्हतं. कुणीतरी कागद दाखवला म्हणून भिल्ल उठला! ज्याला वाचता येत नव्हतं तो कागदावर विसंबून गडावर चढला! अरे, कागद खोटा असेल, पण भूक खोटी होती का?

ती भूक कुठून आली ते सांगतो. भिल्ल आधी गावाचा राखणदार होता. गावाची, वाटेची, घाटाची राखण करायची आणि त्याबद्दल हक्क घ्यायचा. १८०२-०३ ला फौजांनी खानदेश तुडवला, त्यावर १८०३-०४ चा दुष्काळ पडला. गावं ओस पडली. गावच उठल्यावर राखणदाराला हक्क कोण देणार? तो डोंगरात गेला आणि खाली उतरून ओरबाडायला लागला. मग पेशव्यांच्या कारभाऱ्यांनी काय केलं? बाळाजी लक्ष्मण नावाच्या सरसुभेदारानं कोपरगावला भिल्लांना बोलावून घेतलं आणि विहिरींत टाकलं. बोलावून. विहिरींत. म्हणून जे पेशवाईसाठी गळा काढतात त्यांनी माझा हा लेख वाचून टाळ्या वाजवायच्या नाहीत. इंग्रजाला चार शिव्या घातल्या म्हणून पेशवा धुऊन निघत नाय. त्या विहिरींचं पाणी सात समुद्र ओतले तरी निवळायचं नाय.

१८१८ ला इंग्रज आला. त्यानं आधी पेशव्यांचीच वाट धरली, फक्त जरा नीटनेटकी. डोंगराच्या वाटा अडवायच्या, खालून दाणागोटा वर जाऊ द्यायचा नाय, सापडेल त्याला शिक्षा, शरण येईल त्या नाईकाला तनखा. सात वर्षं हे चाललं आणि भिल्ल काही वाकेना. मग मुंबईचा गव्हर्नर एल्फिन्स्टन याच्या सरकारनं १८२५ ला डाव बदलला. एकीकडं भिल्लाला तगाई देऊन शेतीवर बसवायचं, दुसरीकडं भिल्लांचीच पलटण उभी करायची. शेतीचं काम कन्नडच्या बाजूला ओव्हान्स नावाच्या साहेबाकडं दिलं. पलटणीचं काम औट्रमकडं. ठाणं धरणगाव. खानदेश भिल्ल कोअर ती हीच.

पलटण कशी उभी केली ते औट्रमनं स्वतः लिहून ठेवलंय, मला पदरचं काही घालायची गरज नाय. आधी भिल्लांवर छापा घातला, बायकापोरं आणि माणसं पकडली. त्यातली काही सोडली आणि सांगितलं, जा, बाकीच्यांच्या नातेवाइकांना घेऊन या, मग ह्यांनाही सोडतो. असं बोलणं सुरू झालं. मग तो एकटा त्यांच्या रानात जाऊन राहिला. पहारा नाय, शिपाई नाय. आणि त्यांना ब्रँडी पाजली. भरपूर पाजली. हे त्याचंच म्हणणं आहे. होता होता पाच जण तयार झाले. पाच! त्या पाचांच्या खांद्यावर काहीशे बंदुकांची पलटण उभी राहिली.

एकट्यानं जंगलात जाऊन राहायला छाती लागते. ती त्याला होती, मी नाकारत नाय. भित्रा शत्रू मला नकोच आहे. पण पुस्तकवाले इथंच थांबतात. 'प्रेमानं जिंकलं' म्हणतात. ओलीस बायकापोरं, बाटली आणि बंदूक, याला प्रेम म्हणायचं असेल तर आमच्या वस्तीत निवडणुकीच्या आदल्या रात्री दर पाच वर्षांनी प्रेम वाटलं जातं.

एक गोष्ट मात्र नीट वाचण्यासारखी आहे. हे भिल्ल रंगरूट घेऊन औट्रम पलटणीच्या छावणीत गेला तेव्हा साहेबलोकांना धास्ती होती, की उच्च जातीचे शिपाई त्यांना हिणवतील. झालं उलटं. शिपायांनी त्यांना जवळ बसवलं, खाऊ घातलं, गप्पा मारल्या. औट्रमला त्याचं कौतुक वाटलं. मलाही वाटतं, पण वेगळ्या कारणानं. म्हणजे जात ही काही रक्तात नव्हती! वरच्या साहेबाची मर्जी दिसली की विटाळ एका दुपारीत विरघळत होता. तोच शिपाई रजेवर गावी गेला की पुन्हा पाणवठ्यावर काठी घेऊन उभा. जो विटाळ हुकमानं जातो तो हुकमानंच ठेवलेला असतो. हे लक्षात ठेवा, पुढं कामाला येईल.

आता त्या पलटणीनं केलं काय? भिल्ल पकडले. दुसरं काय करणार! १८३० ला औट्रम डांगवर चालून गेला. साल्हेरचा डोंगर उतरला की डांग. तिथले भिल्ल राजे नमवले. बारा वर्षांनी, १८४२ ला, इंग्रजांनी त्याच डांगच्या राजांकडून जंगलं भाडेपट्ट्यानं घेतली. कशाला? सागासाठी. मुंबईला जहाजं बांधायला साग पाहिजे होता. अजून दरवर्षी होळीच्या सुमाराला आहव्याला डांग दरबार भरतो आणि पाच राजांना सालीना मिळतो. राजा म्हणायचं आणि हातावर पाकीट ठेवायचं. जंगल गेलं, पाकीट राहिलं.

मी ज्या किनाऱ्यावर घाम गाळतो त्या किनाऱ्याची जुनी जहाजं आमच्या शेजारच्या डोंगरातल्या सागाची होती. हे कळल्यापासून मला लाकडाचा माल उचलताना वजन जास्त लागतं.

खानदेशातल्या त्या दहा वर्षांत औट्रमनं आणि त्याच्या सोबत्यांनी दोनशेहून जास्त वाघ मारले, त्याची मोजदाद कौतुकानं ठेवलेली आहे. हाका कुणी घातल्या? माग कुणी काढला? पुढं पायी कोण होतं? त्यांची मोजदाद कुठंय?

आणि या डावाचं खरं फळ १८५७ ला दिसलं. औट्रम तेव्हा खानदेशात नव्हता, पण त्याचा डाव होता. खाज्या नाईक सेंधव्याचा घाट राखायचा. सरकारचाच नोकर. तो उठला, भीमा नाईक उठला. एप्रिल १८५८ ला सातपुड्यात अंबापाणीला लढाई झाली, आणि तिथं इंग्रजांच्या बाजूनं खानदेश भिल्ल कोअर होती. भिल्लावर भिल्ल. पकडलेल्यांना तिथल्या तिथं खटल्याचं नाटक करून गोळ्या घातल्या. इकडं आपल्या जिल्ह्यात सिन्नरकडं भागोजी नाईक उठला. तोही आधी पोलिसात होता. नांदूर-शिंगोट्याला त्यानं लेफ्टनंट हेन्रीला मारलं. भागोजीच्या माणसांना धरायला इंग्रजांनी कॅप्टन नटॉलच्या हाताखाली कोळ्यांची पलटण उभारली. भिल्लावर कोळी. १८५९ ला भागोजी मिठसागरला पडला, आणि दोन वर्षांत कोळ्यांची पलटण मोडली. काम झालं, घरी जा.

दोस्तांनो, खाज्या कोण, भागोजी कोण? दोघंही एकदा सरकारचा पट्टा घातलेले. म्हणजे पट्टा घातला की माणूस कायमचा विकला जातो असं नाय. पट्टा फाडताही येतो. पण वेस्टमिन्स्टरच्या दगडावर खाज्या कोरत नाहीत. तिथं न उठणारा भिल्ल कोरतात.

औट्रमची पुढची कारकीर्द भराभर सांगतो. १८३९ ला अफगाणिस्तानच्या लढाईत गेला, कलातहून वेष पालटून समुद्रापर्यंत घोडा फेकला. मग सिंधला एजंट. तिथल्या मेजवानीत १८४२ ला चार्ल्स नेपियरनं त्याला हिंदुस्थानचा बेयार्ड म्हटलं. बेयार्ड म्हणजे फ्रान्सचा एक जुना सरदार, ना भय ना डाग असा. दुसऱ्याच वर्षी नेपियरनं सिंध गिळला आणि औट्रमचं त्याच्याशी वाजलं. हा अन्याय आहे असं औट्रम म्हणाला, लिहिलं, भांडला. लुटीतले वाट्याला आलेले तीन हजार पौंड स्वतः घेतले नाहीत, धर्मादायात वाटले. मग बडोद्याला रेसिडेंट. तिथल्या दरबारापासून मुंबई सरकारच्या कचेरीपर्यंत लाचेची साखळी होती, तिला 'खटपट' म्हणायचे. आपला हा शब्द औट्रममुळं इंग्रजांच्या सरकारी कागदात चढला. त्यानं ती खटपट उघडी पाडली, म्हणून १८५१ ला त्यालाच हलवलं.

मित्र म्हणतो, बघ, प्रामाणिक माणूस होता. होता ना! मी कुठं नाय म्हणतो? पण पुढं वाच. १८५४ ला तो लखनौला रेसिडेंट झाला. सिंधच्या वेळी ज्याच्या पोटात अन्याय ढवळला होता, तोच माणूस फेब्रुवारी १८५६ ला अवधचं राज्य खालसा करायचा कागद घेऊन वाजिद अली शहापुढं उभा राहिला. नवाबानं डोक्यावरची पगडी काढून त्याच्या हातात दिली, सही केली नाय. राज्य गेलंच. सत्यजित राय यांच्या १९७७ च्या 'शतरंज के खिलाडी' सिनेमात हा औट्रम आहे, रिचर्ड ॲटनबरोनं केलाय. तिथंही तो मनात कुढतो, आणि करायचं ते करतो.

मला या कुढण्यावरच बोट ठेवायचंय. दुष्ट साहेब ओळखायला सोपा असतो. चांगल्या साहेबानं जास्त नुकसान केलं. राज्य चालतं ते चांगल्या साहेबाच्या कुढण्यावर. तो निषेध लिहितो, लुटीचा वाटा दान करतो, आणि पुढच्या लुटीचा कागद स्वतःच्या हातानं नेऊन देतो. त्याचं मन स्वच्छ राहतं, आपलं घर साफ होतं.

त्या अवधच्या कागदाचा भडका १८५७ ला लखनौत उडाला. सप्टेंबरात औट्रम आणि हॅवलॉक रेसिडेन्सीत शिरले आणि स्वतःच अडकले. त्यांना सोडवायला नोव्हेंबरात दुसरी फौज आली, तिला सिकंदरबागेत माणसं आडवी आली. त्यात उदादेवी पासी होती असं उत्तरेतली आपली माणसं अभिमानानं सांगतात. १८५८ ला लखनौ पुन्हा इंग्रजांच्या हाती गेलं. औट्रम बॅरोनेट झाला, त्याचे पुतळे झाले. कलकत्त्याला घोड्यावर बसलेला आहे, आता व्हिक्टोरिया मेमोरियलच्या आवारात ठेवलाय. हुगळीच्या काठी माणसं-माल चढवायच्या धक्क्याला औट्रम घाट नाव. आणि आपल्याकडं कन्नड-चाळीसगावच्या मधला औट्रम घाट! शेतीवाला ओव्हान्स कन्नडला होता, त्याचं नाव कुणाला ठाऊक नाय. बंदूकवाल्याचं नाव घाटाला चिकटून बसलंय.

आता मित्राच्या मूळ मुद्द्याला येतो, कारण तो खोटा नाय, अर्धा आहे. आणि अर्धा मुद्दा जास्त घातक.

तो म्हणतो, कोरेगावच्या स्तंभापुढं आपण दर १ जानेवारीला मान वाकवतो. १८१८ ला आपले महार कंपनीच्याच पलटणीत लढले. १९२७ ला बाबासाहेब स्वतः तिथं गेले. रामजी सुभेदार फौजेत होते म्हणून घरात अक्षर आलं. बाबासाहेबांचा जन्मच महूच्या छावणीतला. मग आपली बंदूक चांगली आणि भिल्लाची वाईट, हे कसं?

भावा, बंदूक कुणाचीच वाईट नव्हती. पोटासाठी, मानासाठी ज्यानं ती हातात घेतली त्याला मी बोल लावत नाय. त्या धरणगावच्या पाच भिल्लांनाही नाय. विहिरीत ढकलणाऱ्या राज्यातून आलेल्या माणसानं पगार देणाऱ्या राज्याची वर्दी घातली, त्याला कुठल्या तोंडानं हसू? मी भांडतोय ते 'उपकार' या शब्दाशी.

मी गोदी कामगार आहे. मला उपकार आणि मजुरी यातला फरक पाठीला कळतो. मी माल उतरवतो, पैसे घेतो. मालकानं मला माणसात आणलं असं मी म्हणत नाय. माझ्यामुळं त्याचं जहाज रिकामं झालं, असं म्हणतो. कंपनीची पलटण म्हणजे हेच. आपल्या रक्तावर त्यांनी हा देश घेतला. हे बाबासाहेबांनी मांडून ठेवलंय. १९३० ला गोलमेज परिषदेत, लंडनमध्ये, त्याच वेस्टमिन्स्टरच्या गावात, त्यांनी तोंडावर विचारलं की दीडशे वर्षांत आमच्यासाठी केलंत काय? विहीर बंद होती, ती बंदच आहे. देऊळ बंद, ते बंदच आहे. पोलीस, फौज बंद आहे.

फौज बंद! ज्या महारानं कोरेगाव राखलं त्याची भरती १८९२-९३ च्या सुमाराला बंद केली. म्हणे तो लढाऊ जातीचा नाय. गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ ला अर्ज केला. शिवराम जानबा कांबळ्यांनी पुढं अर्ज केले. पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडली तेव्हा १९१७ ला महारांची पलटण काढली, १९२१ ला मोडली. दुसऱ्यात कमी पडली तेव्हा १९४१ ला परत महार रेजिमेंट. बघितलंत? छावणीत विटाळ हुकमानं गेला होता ना? हुकमानंच परत आला. उपकार असता तर असा काढून घेतला असता? कामापुरता मामा. भिल्लाचंही तेच. बंदूक दिली, आणि १८७८ च्या जंगल कायद्यानं रान काढून घेतलं. ज्या रानात औट्रमला ब्रँडीच्या बैठका घालाव्या लागल्या त्याच रानात मोळी तोडली म्हणून भिल्ल चोर ठरला.

मग माणसात आलो कशानं? बंदुकीच्या पगारातून जे अक्षर आलं त्याचा आपण जो वापर केला त्यानं. महाडच्या तळ्यानं. काळाराम मंदिरासमोरच्या आपल्या नाशिकच्या सत्याग्रहानं. ते औट्रमच्या हिशेबात नव्हतं. ते आपलं स्वतःचं आहे. कोरेगावला आपण मान वाकवतो ती कंपनीपुढं नाय, मेलेल्या आपल्या माणसांच्या नावांपुढं. तिथं निदान नावं कोरलेली आहेत. मुल्हेरला तीही नाहीत.

आणि औट्रम मेला असं समजू नका. तो रोज भेटतो. आमच्या टोळीत काही दिवसांपूर्वी ठेकेदारानं एक पोरगा निवडला. आपल्यातलाच, आपल्याच वस्तीतला. त्याला वही दिली, बॅटरी दिली, रोजाला वर थोडे पैसे दिले. काम काय? युनियनची भाषा कोण बोलतंय ते सांगायचं. मुकादम परजातीचा होता तेव्हा निदान शिवी तरी एकमुखानं देता येत होती. आता शिवी द्यायला तोंड उघडलं तर समोर मावसभाऊ. आमच्याकडं एकानं भागलं, औट्रमला पाच लागले होते. तिकीट देताना, महामंडळ देताना, मोर्च्याच्या आदल्या दिवशी बैठकीला बोलावताना बघा, पाचच माणसं बोलावतात. बाटली बदलली, ब्रँडी तीच.

१९७३ च्या जाहीरनाम्यात पँथरनी दलित कोण ते सांगितलं, तेव्हा अनुसूचित जमाती त्यात धरल्या होत्या, कामकरी आणि भूमिहीन धरले होते. कागदावर धरले. बागलाणात आपली वस्ती आणि भिल्लाटी शेजारी असतात. दोघांच्या मधे किती पोरं रोज ये-जा करतात ते ज्यानं त्यानं मोजावं. मार्च २०१८ ला नाशिकहून आदिवासी शेतकरी चालत मुंबईला आले. पोरांच्या परीक्षा म्हणून शेवटची मजल रात्री चालले. फुटलेल्या पायांचे फोटो सगळ्यांनी पाहिले, हळहळले. ते काय मागत होते? २००६ च्या वनहक्क कायद्यानं कसत्या जमिनीचा जो पट्टा मिळायला हवा, तो. औट्रमनं दिलेला कमरेचा पट्टा नको, जमिनीचा पट्टा द्या. दोनशे वर्षांचं भांडण इतकं सरळ आहे.

म्हणून सांगतो, औट्रम घाटाचं नाव बदला अशी ओरड मी करणार नाय. ती ओरड ऐकली की कुठलातरी नवा सरदार घोड्यावर बसून तयारच असतो, आणि भिल्ल पुन्हा घोड्याच्या मागं पायी. आपण दुसरं करू. मुल्हेरच्या पायथ्याला एक साधा दगड उभा करू. १८२५ ला इथं लढलेले, नाव न लिहिलेले भिल्ल, एवढंच लिहू. दगड उचलायला मी येतो, पाठीला सवय आहे. आणि तो दगड बसवायला जाताना भिल्लाटीतल्या पोरांना पाहुणे म्हणून बोलवायचं नाय. त्यांनी आपल्याला बोलवावं असं आधी वागायचं. त्यांच्या वनहक्काचे दावे कचेरीत पडलेत, आपल्यातल्या वकिली शिकणाऱ्या पोरांनी ते हातात घ्यावेत. आपल्याला अक्षर मिळालं, त्याची परतफेड साहेबाला करायची नसते, शेजाऱ्याला करायची असते.

वेस्टमिन्स्टरचा तो भिल्ल तिथून आपल्याला हलवता येणार नाय. जड आहे, आणि इंग्रज देणारही नाहीत. पण त्याला सांगता येतं. बाबा, ऊठ. तुझं इथं कुणी मेलेलं नाय. तुझी मेलेली माणसं मुल्हेरला आहेत, अंबापाण्याला आहेत, कोपरगावच्या विहिरीत आहेत. रडायचंच असेल तर तिकडं चल.